शब्दचर्चा : ‘चरित्र अभिनेता’ म्हणजे नेमके कोण?

शंका (नौपाडा, ठाणे) :
आमच्या वाचनालयाच्या वार्षिक अंकात डेव्हिड अब्राहम चेऊलकर यांच्यावर, म्हणजे ठाण्यात जन्मलेल्या आणि हिंदी चित्रपटांत नुसत्या ‘डेव्हिड’ या नावाने ओळखल्या गेलेल्या नटावर, एक टिपण जाणार आहे. मसुद्यात मी ‘ज्येष्ठ चरित्र अभिनेते’ असे लिहिले होते. मुद्रितशोधन करणाऱ्या बाईंनी त्या शब्दांखाली रेघ ओढून समासात ‘कोणाचे चरित्र?’ असा प्रश्न लिहिला आहे आणि ‘सहाय्यक अभिनेते’ हा पर्याय सुचवला आहे. जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे.

उत्तर (वाशी) :
बाईंचा प्रश्न रास्त आहे, परंतु त्यांनी सुचवलेला पर्याय स्वीकारू नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

हिंदीत ‘चरित्र’ या शब्दाला वर्तन, शील आणि कथेतील पात्र असे अर्थ आहेत, त्यामुळे तिथे ‘चरित्र अभिनेता’ ही जोडणी, म्हणजे ठसठशीत स्वभावाचे पात्र उभे करणारा नट, सहज उलगडते. मराठीने मात्र ही कामे वेगवेगळ्या शब्दांना वाटून दिली आहेत. जीवनवृत्तान्त म्हणजे चरित्र, शील म्हणजे चारित्र्य, आणि नाटक-सिनेमातला माणूस म्हणजे पात्र किंवा व्यक्तिरेखा. ज्याचे चरित्र लिहिले जाते तो आपल्याकडे ‘चरित्रनायक’ असतो आणि ज्या चित्रपटात एखाद्या थोर व्यक्तीचे आयुष्य येते तो ‘चरित्रपट’. म्हणून हिंदी चित्रसृष्टीच्या वाटेने आलेला ‘चरित्र अभिनेता’ मराठी कानाला क्षणभर चरित्रपटातला नट वाटतो. प्रभातच्या 1936 सालच्या ‘संत तुकाराम’चेच उदाहरण घ्या. मराठी अर्थाने पाहिले तर चरित्र उभे करतात ते तुकाराम झालेले विष्णुपंत पागनीस. हिंदीतून आलेल्या अर्थाने मात्र हे बिरुद जिजाईचे काम करणाऱ्या गौरीबाईंना शोभते. आजारी मुलाला घेऊन देवळात शिरणारी आणि थेट विठ्ठलावर वहाण उगारणारी ती संसाराने गांजलेली बायको एकदा पाहिली की विसरता येत नाही.

आता ‘सहाय्यक’कडे वळू. हा शब्द एका विशिष्ट चित्रपटातले स्थान सांगतो. पुरस्कारासाठी अशी वर्गवारी सोयीची असते, आणि डेव्हिड यांना ‘बूट पॉलिश’मधील (1954) जॉन चाचाच्या भूमिकेसाठी 1955 साली फिल्मफेअरचा सर्वोत्कृष्ट सहाय्यक अभिनेत्याचा पुरस्कार मिळालाही होता. त्या जॉन चाचाकडे जरा निरखून पाहावे. तो पोटासाठी चोरून दारू विकतो, आणि त्याच तोंडाने वस्तीतल्या पोरांना भीक मागू नका, कष्ट करून खा, असे कळवळून सांगतो. ही विसंगती प्रेक्षकाला खटकू न देता, उलट तिच्यामुळेच तो माणूस जवळचा वाटावा अशा रीतीने रंगवणे, ही एका स्वतंत्र कलेची गोष्ट आहे. तो पुरस्कार त्या एका कामाचा होता. त्यापुढे पंचवीस वर्षांनी, 1979 च्या ‘गोलमाल’मध्ये डॉ. केदार साकारणाऱ्या नटाची अख्खी कारकीर्द ‘सहाय्यक’ कशी ठरेल? शिवाय मराठीत ‘सहाय्यक’ म्हटले की सहाय्यक अभियंता, सहाय्यक दिग्दर्शक अशी मदतनिसांची पदे डोळ्यांसमोर येतात.

या दोन शब्दांचे क्षेत्र वेगळे आहे, हे ‘कुंकू’मुळे (1937) अधिक स्पष्ट होईल. त्यातील काकासाहेब हे कथेचे अर्धे अंग आहे, त्यामुळे केशवराव दाते यांना तिथे सहाय्यक म्हणताच येत नाही. तरीही तरुण मुलीशी लग्न केलेल्या त्या प्रौढ विधुराचा हेका, त्याचा संकोच आणि हळूहळू जागी होणारी त्याची सदसद्विवेकबुद्धी दात्यांनी ज्या बारकाव्याने दाखवली, ते अस्सल चरित्र-अभिनयाचे काम आहे.

आपण लावलेल्या ‘ज्येष्ठ’ या विशेषणाविषयीही लिहायला हवे, कारण वय झाले की नटाने चरित्र भूमिकांकडे वळायचे असते, असा समज त्यात नकळत डोकावतो. ललिता पवार यांची कारकीर्द हा समज खोडून काढते. मूकपटांच्या काळात त्या नायिका होत्या. 1942 साली चित्रीकरणात बसलेल्या थपडेने त्यांच्या डाव्या डोळ्याला कायमची इजा झाली आणि ऐन तारुण्यात, तिशीही गाठलेली नसताना, त्यांना नायिकेच्या भूमिकांना मुकावे लागले. पुढे ‘अनाडी’तली (1959) वरून करवादणारी आणि आतून माया करणारी मिसेस डिसा त्यांनी साकारली. 1961 च्या ‘संपूर्ण रामायण’मध्ये त्या मंथरा झाल्या, आणि 1987 साली दूरदर्शनवरच्या ‘रामायण’ मालिकेतही मंथरा त्याच होत्या. मूकपटापासून दूरचित्रवाणीपर्यंतची ही वाटचाल ‘दुय्यम भूमिका’ या शब्दांत गुंडाळणे मला अन्यायाचे वाटते.

पुरवणी (नेरूळ) :
वरील विवेचन पटले. एक भर घालतो. जुन्या नाटक मंडळ्यांत ‘राजापार्ट’ (राजाची कामे करणारा), ‘स्त्रीपार्टी’ (स्त्रीभूमिका करणारा नट) असे कामाच्या प्रकारावरून शब्द होते, त्यात भूमिकेचा मोठेपणा-लहानपणा नंतर मोजला जाई. कामाचा प्रकार आधी. ‘चरित्रनट’ हा शब्द त्याच वळणाचा आहे आणि लिहायलाही आटोपशीर आहे. तो का वापरू नये?

उत्तर (वाशी) :
‘चरित्रनट’ला माझी हरकत नाही, तो जोडून लिहावा. मात्र स्त्रियांसाठी ‘चरित्रनटी’ म्हणावे, तर ‘नटी’ या शब्दाला बोलण्यात थोडा हिणकस वास आला आहे, त्यामुळे ‘चरित्र अभिनेत्री’ बरे. वृत्तपत्रांनी ‘चरित्र अभिनेता’ इतका रुळवला आहे की आता तो परका मानून हाकलण्यात अर्थ नाही. पहिल्या वापरापाशी अर्थ उघड केला म्हणजे झाले. आपल्या टिपणाची सुरुवात अशी करता येईल : ‘ठाण्यातील मराठीभाषक बेने इस्रायली (ज्यू) कुटुंबात जन्मलेले डेव्हिड अब्राहम चेऊलकर हे, नाना स्वभावांची माणसे पडद्यावर जिवंत करणारे, चरित्र अभिनेते होते.’ ‘ज्येष्ठ’ गाळावे. आडनावाचे मूळ कोकणातल्या चेऊल म्हणजे चौल या गावात आहे, एवढे तळटिपेत दिल्यास वाचकांना आवडेल.