मदत हवी आहे : विल्यम पिंचन यांच्या १६३६ च्या जमीनखताबाबत

उत्तर अमेरिकेतील इंग्रजांच्या मॅसॅच्युसेट्स बे वसाहतीच्या विधिमंडळाचे सदस्य आणि स्प्रिंगफील्डचे संस्थापक विल्यम पिंचन यांच्यावर मी टिपण लिहीत आहे. १६३६ मध्ये कनेक्टिकट नदीकाठची जमीन घेताना त्यांनी तेथील मूळ रहिवासी असलेल्या अगावाम लोकांना १८ कोट, १८ कुऱ्हाडी, १८ कुदळी, १८ सुऱ्या आणि शिंपल्यांच्या मण्यांच्या माळा दिल्या. मात्र मासेमारी व शिकारीचा मूळ रहिवाशांचा हक्क त्याच खतात राखून ठेवला गेला, आणि हा भाग मला पिंचन यांच्या बीव्हर (एक पाणप्राणी) कातड्यांच्या व्यापाराहून अधिक मोलाचा वाटतो. पुढे १६५० मध्ये त्यांचा धर्मविषयक ग्रंथ बोस्टनमध्ये जाहीरपणे जाळण्यात आला (तोही विधिमंडळातील सहकाऱ्यांच्याच हुकमाने!) आणि १६५२ मध्ये ते इंग्लंडला परतले. या खताची संपूर्ण प्रत आणि ग्रंथाविषयीच्या विधिमंडळातील नोंदी कोठे वाचायला मिळतील, हे जाणकारांनी कृपया कळवावे.