मदत हवी आहे : बाबांच्या वहीतला ‘ओ.डी.’ नेमका कोणता?

फोंड्याची लेक :

नमस्कार मंडळी,

प्रश्न दोन अक्षरांचा आहे, पण त्यापायी आई आठ दिवस नीट झोपलेली नाही. म्हणून जरा सविस्तर लिहिते.

बाबा सप्टेंबरात गेले. गोव्यात, डिचोली तालुक्यात एका खाण कंपनीत ते टाइमकीपर, म्हणजे कामगारांची हजेरी मांडणारे होते. २०१२ साली खाणी बंद पडल्या तेव्हा घरी बसले, पण हिशेब ठेवण्याची सवय शेवटपर्यंत गेली नाही. दर वर्षाची एक लाँगबुक. घरात आम्ही कोकणी बोलतो, पण बाबांचं लिहिणं सगळं मराठीत, अक्षर मोत्यासारखं. फक्त जागा वाचवायची फार सवय. ‘पो.’ म्हणजे पोदेर (पाववाला), ‘दु.’ म्हणजे दूधवाला, ‘वी.’ म्हणजे विजेचं बिल. तेवढं आम्हाला लागतं. ‘ओ.डी.’ मात्र लागत नाही.

सुरुवात वहीपासून झाली नाही, आईच्या डोळ्यापासून झाली. तिच्या उजव्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. घरी आणताना हातात थेंबांची बाटली आणि एक चिठ्ठी. चिठ्ठीवर औषधाचं नाव, पुढे ‘ओ.डी.’, पुढे ‘६ आठवडे’. बस. बाबांच्या वहीच्या पहिल्या पानावर आईच्या गोळ्या लिहिलेल्या आहेत : ‘बी.पी.ची गोळी ओ.डी. सकाळी’, ‘कॅल्शियम ओ.डी. जेवल्यावर’. म्हणजे ओ.डी. म्हणजे दिवसातून एकदा, हे मला पाठ होतं. मी रोज सकाळी एकदा थेंब घालत राहिले.

तिसऱ्या दिवशी डोळा लाल झाला, उजेड सहन होईना. फोन केला तर पलीकडून विचारलं, “दिवसातून सहा वेळा घालताय ना?” माझ्या हातापायातलं बळच गेलं. त्या चिठ्ठीवरचा ओ.डी. म्हणजे ‘उजवा डोळा’. किती वेळा घालायचे ते एका वेगळ्या छापील कागदावर होतं : पहिला आठवडा सहा वेळा, दुसरा पाच, मग चार, असं उतरत सहाव्या आठवड्यात एकदा. तो कागद फाइलमध्ये बिलाच्या मागे स्टेपल केलेला. घरी सोडताना कुणी तोंडी सांगितलं नाही. डॉक्टरांनी लगेच तपासलं आणि डोळा वाचला, आता लाली गेली आहे. पण मराठीत ‘उजवा’ एवढं लिहिलं असतं तर आईचे ते तीन दिवस तसे गेले नसते, हे मला राहून राहून वाटतं.

त्यानंतर आई म्हणाली, “मग वहीत इतर ठिकाणी ओ.डी. आहे, तो कुठला?” आम्ही दोघी पानं उलटायला बसलो. तेवढ्यात शेजारचे एक काका आले. ते म्हणाले, “ओ.डी. म्हणजे ओव्हरड्राफ्ट, बँकेचं कर्ज.” झालं. बाबांनी आपल्याला न सांगता कर्ज काढलं होतं, हे तिच्या मनाने घेतलं आहे. भाऊ तारवटी, सहा महिने जहाजावर. म्हणजे बघायचं ते मलाच.

एक नोंद मला ठाऊक आहे. २०१९ च्या वहीत ‘ओ.डी. ३२, नग ४, बेंड २, सोल्युशन’ आहे. कुळागरात (सुपारीच्या बागेत) झरीवरून पाणी आणायला पाइप घेतले तेव्हा मी बाबांबरोबर दुकानात होते. ३२ मिलिमीटर हा पाइपाचा बाहेरचा व्यास. दुकानदार त्यालाच एक इंची म्हणतो. त्या दिवशी आम्ही घरातला जुना लोखंडी एक इंची सॉकेट नेला होता, तो काही केल्या बसेना. लोखंडी एक इंची पाइपाचा बाहेरचा व्यास ३३ मिलिमीटरच्या वर भरतो. बाबांनी तिथेच खिशातल्या कागदावर ‘ओ.डी.’ला दोनदा अधोरेखित केलं, ते अजून डोळ्यांसमोर आहे.

बाकीच्या तीन नोंदी लागत नाहीत. पहिली दर मे महिन्यात येते : २०२२ ला ‘ओ.डी. नूतनीकरण १,०४३’, २०२३ ला ८९१, २०२४ ला ७४२, २०२५ ला ६५५. दुसरी नोव्हेंबर २०२३ मधली : ‘ओ.डी. मंजूर. मर्यादा १,८०,०००. एफ.डी. दोन लाख.’ आई जिच्यामुळे घाबरली ती ही. तिसरी खूप जुनी, जुलै १९९८ : ‘ओ.डी. कुंभारजुवा, ३ दिवस’. कुंभारजुव्याला आमचं कोणी नाही, आणि आईला बाबा तिथे गेल्याचं आठवतही नाही.

कुणी बँकेत, विम्यात, खाणीवर काम केलेलं असेल तर कृपया सांगा. आईला काय सांगू?

औषधवाला, सांखळी :

ताई, आधी डोळ्याचं. तुम्ही चुकलात असं मनात आणू नका, ही गफलत आमच्या काउंटरवर नेहमीची आहे. दोन्ही ओ.डी. लॅटिनमधलेच. गोळीपुढचा ‘ओम्नी दिए’, म्हणजे दररोज. डोळ्याचा ‘ऑक्युलस डेक्स्टर’, म्हणजे उजवा डोळा. डाव्याला ओ.एस., दोन्हींना ओ.यू. गोळीच्या चिठ्ठीवर गोंधळ होत नाही, कारण गोळी डोळ्यात घालत नाहीत. थेंबांच्या चिठ्ठीवर मात्र दोन्ही अर्थ बसतात, आणि धोका तिथेच आहे. औषधांच्या चुका टाळण्यासाठी काम करणाऱ्या संस्था परदेशात हे लघुरूप वापरूच नका असं सांगतात, त्याचं कारणही हेच.

तसाच एस.ओ.एस. हा घोळ. लोकांना वाटतं काहीतरी तातडीचं आहे, लगेच घ्यायला हवं. खरं तर त्याचा अर्थ ‘गरज लागली तरच घ्या’. मी गोळीच्या पाकिटावर पेनने १-०-१ लिहून देतो, सकाळी एक, दुपारी नाही, रात्री एक. ते शाळेत न गेलेल्या आजीलाही कळतं. थेंबांच्या खोक्यावर मात्र मी डोळा आणि वेळा दोन्ही अक्षरात लिहितो.

चष्मेवाला म्हापसा :

वरच्या माहितीत एक भर. आमच्याकडे डिसेंबरात लिस्बनहून सुटीला आलेली मंडळी तिथल्या डॉक्टरने लिहून दिलेला चष्म्याचा नंबर घेऊन येतात. त्या कागदावरही ओ.डी. असतो आणि तोही उजवाच, पण पोर्तुगीज : ‘ओल्यु दिरैतु’. डाव्या डोळ्याला मात्र तिथे ओ.एस. नसतो, ओ.ई. असतो, ‘ओल्यु इश्केर्दु’. आमच्याकडे नवीन लागलेल्या मुलाला मी पहिल्या दिवशी हेच शिकवतो, कारण ओ.ई. म्हणजे काय हे न कळल्याने तो कागद बाजूला ठेवतो आणि गिऱ्हाईक ताटकळतं.

निवृत्त बँकवाला :

ताई, मी ३४ वर्षं बँकेत काढली. आईला सांगा, आज रात्री झोप म्हणावं.

नोव्हेंबर २०२३ ची नोंद ओव्हरड्राफ्टचीच आहे, तुमच्या शेजारच्या काकांचं तेवढं बरोबर. पण ‘मंजूर’ आणि ‘काढले’ यात फार फरक आहे. ठेवीवर साधारण ९० टक्क्यांपर्यंत ओव्हरड्राफ्ट मिळतो. दोन लाखांचे ९० टक्के म्हणजे बरोबर १,८०,०००. बाबांनी दोन लाखांची एफ.डी. न मोडता बँकेकडून ‘लागले तर उचलीन’ अशी सोय करून ठेवली. त्यातून जेवढे उचलले तेवढ्यावरच, उचलल्या दिवसापासून व्याज लागतं. काहीच उचललं नसेल तर व्याजाचा प्रश्नच नाही. वहीत त्यानंतर कुठे व्याजाची नोंद आहे का ते पाहा. तुमच्या बाबांसारखा माणूस व्याज भरून ते लिहिल्याशिवाय राहिला नसता.

बँकेत जाऊन त्या खात्याचा उतारा मागा. शिल्लक शून्य असेल तर ठेवीवरचा बोजा काढून घ्या. ठेवीला आईचं नामनिर्देशन असेल, किंवा ठेव दोघांच्या नावे असून मागे राहिलेल्याला रक्कम मिळण्याची अट असेल, तर मृत्यूचा दाखला, ओळखपत्र आणि दाव्याचा अर्ज पुरतो. अशा वेळी वारसा दाखल्यासाठी अडवायचं नाही असे रिझर्व्ह बँकेचे निर्देश आहेत. नामनिर्देशन नसेल तर मात्र नोटरीकडच्या वारसा दस्ताचं बघावं लागू शकतं.

मे महिन्याची नोंद ओव्हरड्राफ्टची वाटत नाही. ओव्हरड्राफ्टचं नूतनीकरण करताना रक्कम अशी दर वर्षी उतरत नाही. घरात गाडी आहे का?

विम्याचं काम करणारी :

मीही हेच विचारणार होते. स्कूटर असेल तर हा ‘ओन डॅमेज’, म्हणजे आपल्याच गाडीच्या नुकसानीचा विमा. दुसऱ्याच्या नुकसानीचा तो थर्ड पार्टी, टी.पी. कायद्याने सक्तीचा तोच. १ सप्टेंबर २०१८ पासून नव्या दुचाकीला टी.पी. एकदम पाच वर्षांचा घ्यावा लागतो, ओ.डी. मात्र वर्षावर्षाने घेता येतो. म्हणून वहीत दर मे महिन्यात नुसता ओ.डी. दिसतो, टी.पी. दिसत नाही.

रक्कम उतरते त्याला कारणं दोन. गाडी जुनी होत जाते तशी तिची विम्यातली किंमत कमी होते, आणि दावा केला नाही तर सवलत वाढत जाते : २०, २५, ३५, ४५ आणि शेवटी ५० टक्के. बाबांनी गाडी जपून चालवली असणार.

२०२१ ची वही काढून बघा, गाडी घेतली त्या पानावर बहुतेक दोन्ही सापडतील. तसं असेल तर टी.पी. मे २०२६ ला संपतो, ती तारीख लिहून ठेवा. आणि एक घाईचं : गाडी बाबांच्या नावे असेल तर मालक गेल्याचं वाहतूक कार्यालयाला ३० दिवसांत कळवायचं असतं आणि तीन महिन्यांच्या आत फॉर्म ३१ भरून वारसाच्या नावे करायची असते. पहिली मुदत तुमची गेली, दुसरी चुकवू नका. सवलतही वारसाकडे येऊ शकते, कंपनीला लेखी विचारा.

बार्जवरचा :

जुलै १९९८ चं मी सांगतो. मी त्या काळात मांडवी नदीत बार्जवर, म्हणजे खनिज वाहणाऱ्या मोठ्या होडीवर होतो.

हा ओ.डी. ‘ऑन ड्यूटी’. टाइमकीपरच्या मस्टरवर तीनच खुणा चालायच्या : हजरला पी, गैरहजरला ए, आणि माणूस हजर आहे पण आपल्या जागेवर नाही, कामासाठी बाहेर पाठवलाय, तर ओ.डी. ओ.डी. पडला की पगार कापत नसत. म्हणून तो नीट लिहून ठेवायचा.

कुंभारजुवा का, तर पावसाळा. जूनमध्ये आग्वादजवळ नदीच्या तोंडाशी वाळूच्या दांड्यावर लाटा उसळतात आणि मांडवीतून समुद्रात जाणं बंद होतं. मग आमोण्याकडून निघालेली बार्ज कुंभारजुव्याच्या कालव्यातून जुवारी नदीत उतरायची आणि तिथून मुरगाव बंदराला. कालवा अरुंद, भरती-ओहोटी बघून जायचं, बार्जा एकामागे एक खोळंबायच्या. कुठली बार्ज किती वाजता आत गेली हे टिपायला आमचा एक माणूस किनाऱ्यावर छत्री आणि वही घेऊन बसायचा. तुमचे बाबा तीन दिवस तिथेच बसले असतील. वहिनींना आठवत नाही कारण रोज संध्याकाळी ते घरी येत असतील.

वेर्ण्याहून :

ऑफिसात बसून वाचतोय. आमच्या कंपनीच्या लॅबमध्ये ओ.डी. म्हणजे ऑप्टिकल डेन्सिटी. जिवाणू वाढवलेल्या द्रावणातून ६०० नॅनोमीटरचा प्रकाश सोडतात, द्रावण जितकं गढूळ तितका ओ.डी. जास्त. आणि गेटबाहेर मजुरांच्या बसच्या नंबरप्लेटवर ओ.डी. असतो तो ओडिशाचा, पूर्वी तिथे ओ.आर. असायचं. ताई, तुमच्या कामाचं यात काही नाही, पण तुमचा धागा वाचून आजच आमच्या रजिस्टरच्या पहिल्या पानावर लघुरूपांची फोड लिहून काढली.

फोंड्याची लेक :

सगळ्यांचे मनापासून आभार. उशिरा लिहितेय, बँकेत दोनदा जावं लागलं.

२०२१ ची वही सापडली. १८ मे च्या पानावर बाबांच्याच अक्षरात : ‘स्कूटर विमा. ओ.डी. १ व., टी.पी. ५ व.’ विमावाल्या ताईंनी न बघता सांगितलं तसंच. फॉर्म ३१ सोमवारी भरला.

बार्जवरच्या काकांचं उत्तर आईला वाचून दाखवलं. ती जरा वेळ गप्प बसली, मग म्हणाली, “हो, त्या पावसात रोज भिजून यायचे. चड्डीपर्यंत लाल चिखल.” तिला ते आठवलं याचा मला जो आनंद झाला तो सांगता येत नाही.

आता ओव्हरड्राफ्ट. खात्याचा उतारा मिळाला. नोव्हेंबर २०२३ पासून एकही रुपया उचललेला नाही, पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत शून्य. नामनिर्देशन आईचं आहे. पण महिना बघून मीच चरकले. त्या नोव्हेंबरात माझ्या नवऱ्याची बायपास झाली होती. खर्च सरकारी योजनेतून भागला, आम्हाला कुणापुढे हात पसरावा लागला नाही. बाबा रोज बसने इस्पितळात यायचे, डबा द्यायचे, पैशांबद्दल एक शब्द बोलले नाहीत. आईला म्हटलं, “मला का नाही सांगितलं त्यांनी?” ती म्हणाली, “सांगितलं असतं तर तू नको म्हणाली असतीस.”

आईचा आता चौथा आठवडा, दिवसातून तीन वेळा. बाटलीवर चिकटपट्टी लावून ‘उजवा डोळा, ३ वेळा, ८-२-८’ असं लिहिलं आहे. जानेवारीत डाव्या डोळ्याचं ऑपरेशन आहे. त्या चिठ्ठीवर ओ.एस. येईल ना?

औषधवाला, सांखळी :

हो, ओ.एस. किंवा एल.ई. (इंग्रजीतला ‘लेफ्ट आय’). काहीही आलं तरी डॉक्टरांसमोरून उठण्याआधी त्यांच्याच पेनने ‘डावा’ लिहून घ्या. कुणी नाही म्हणत नाही. आणि उजव्याची उघडलेली बाटली डाव्याला वापरू नका, नवीन घ्या.