मदत हवी आहे : लग्नाचं शूटिंग सोडून वाइल्डलाइफकडे वळू का?

नमस्कार मंडळी. मी सावंतवाडीचा, वय २९, बी. कॉम. सात वर्षं लग्नाची शूटिंग करतोय. एप्रिल-मे सीझन, पाऊस लागला की धंदा थंड. त्या रिकाम्या दिवसांत आंबोलीला जायची सवय लागली आणि आता हळदीला कॅमेरा लावून उभा असलो तरी लक्ष मांडवावरच्या दयाळ पक्ष्याकडे जातं. एका नवरीच्या काकांनी त्यावरून चांगलंच ऐकवलंय.

मुंबईच्या एका निर्मिती संस्थेने कॅमेरा असिस्टंट म्हणून विचारलंय. जानेवारी ते जून मध्य भारतात, राहणं-जेवण त्यांचं, हातात महिना १५ हजार. म्हणजे सगळा सीझन बुडाला. कॅमेऱ्याचे ९ हप्ते बाकी आहेत. आई म्हणते, "जा रे बाबा, पण परत इल्यावर तुका लग्नाक कोण बोलावतलो?"

दुसरा पर्याय शिकण्याचा. पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपट संस्थेचा सिनेमॅटोग्राफीचा कोर्स तीन वर्षांचा. इंग्लंडमधल्या ब्रिस्टलच्या यूडब्ल्यूई विद्यापीठात खास वाइल्डलाइफ फिल्ममेकिंगचं एम. ए. आहे, बीबीसीच्या नॅचरल हिस्टरी युनिटच्या (निसर्गपट करणारा विभाग) सहभागाने चालतं. पण त्यासाठी घर गहाण टाकावं लागेल.

शोरील (कामाचा नमुना दाखवणारी फिल्म) तीन मिनिटांचं आहे, त्यात ४० सेकंद ताडोबाची वाघीण. सोनीचा ए सेव्हन एस थ्री कॅमेरा आणि २००-६०० लेन्स. एक जुनी जखमही सांगतो. दोन वर्षांपूर्वी एका वाहिनीच्या माणसाने माझ्या उडत्या बेडकाच्या क्लिप "नाव देतो" म्हणून फोनवर मागून घेतल्या. दाखवल्या, पण ना नाव ना पैसे. त्यामुळे आता कोणी काही विचारलं की आधी भीतीच वाटते. काय करू?

घाटमाथा : कोर्स वाईट नाही हो. नरेश बेदी एफटीआयआयमधूनच बाहेर पडले आणि घडियाल मगरींवरच्या फिल्मसाठी पांडा पुरस्कार (वन्यजीव फिल्मचा मोठा पुरस्कार) घेऊन आले. पण कर्ज काढून ब्रिस्टल? मी तरी नाही सांगणार.

बीनबॅग : आठ वर्षं हेच काम करतोय, म्हणून जरा लांबण लावतो.

आधी शोरीलमधून वाघीण काढून टाका. रागावू नका. सुब्बय्या नल्लामुथू यांनी वाघांमागे वर्षानुवर्षं घालवली, २०२४ च्या मिफमध्ये (मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव) त्यांना व्ही. शांताराम जीवनगौरव मिळाला. त्या कामापुढे सफारीच्या जिप्सीतून घेतलेले ४० सेकंद कोण बघणार? अशा वाघिणीच्या क्लिप मला आठवड्याला दोन येतात. त्यात वाघीण दिसते, घडत काहीच नाही.

तुमच्याकडे काय आहे ते बघा. पहिल्या पावसात आंबोलीच्या सड्यावर, म्हणजे कातळाच्या पठारावर, आंबोली टोड नावाचा भेक बाहेर येतो. जगात फार कुठे नाही, अतिसंकटग्रस्त. कातळावरच्या बोटभर खोल डबक्यात अंडी घालतो. आता पाऊस चार दिवस थांबला तर? डबकं आटणार, आत पिल्लं वळवळतायत. ही झाली गोष्ट. आभाळ, कातळावर पहिला थेंब, नराचा फुगलेला गळा, मादीचा पाय, अंडी, मग ऊन, मग डबक्याची मागे सरकणारी कड. हे दहा-बारा शॉट एकमेकांना जोडता आले तर संकलकाला तुमचं नाव लक्षात राहतं. मुंडावळ्या बांधतानाचा हात, आईचे डोळे, अंतरपाट, हे तुम्ही सात वर्षं जोडताच आहात. तेच इथे करायचं, फक्त इथला नवरदेव 'पुन्हा एकदा' म्हटल्यावर पुन्हा करत नाही. म्हणून प्री-रेकॉर्ड असलेला कॅमेरा लागतो. बटण दाबायच्या आधीचे काही सेकंद त्यात साठलेले असतात. बेडकाने उडी मारल्यावर बटण दाबलं तरी उडी मिळते.

असिस्टंटचं काम म्हणजे पहाटे चारला उठणं, लेन्सवरची धूळ, बॅटऱ्या, आणि रात्री कार्ड दोन वेगळ्या ड्राइव्हवर उतरवून तपासल्याशिवाय न झोपणं. कंटाळवाणं आहे. पण कॅमेरामन अकरा तास पाणवठ्यावर बसून तीन मिनिटं चालवतो तेव्हा ती तीनच का, हे कुठल्याही वर्गात कळत नाही. माझं मत, जा. मात्र सगळं लेखी घ्या : श्रेयनामावलीत नाव, विमा, आणि दुसरा कॅमेरा कधी हातात मिळणार ते. उडत्या बेडकाचं झालं ते कागद नव्हता म्हणून झालं.

पाणकावळा : परवानगीचंही बघा. सफारीचं तिकीट म्हणजे फिल्मची परवानगी नव्हे. अभयारण्यात चित्रीकरणाला मुख्य वन्यजीव रक्षकांची परवानगी लागते, १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याचं कलम २८. आंबोलीतही वनखात्याला विचारल्याशिवाय रात्री सड्यावर दिवे लावून बसू नका.

आणि वाघच लागतो असं कोण म्हणतं? माइक पांडे गुजरातच्या किनाऱ्यावर व्हेल शार्कची कत्तल चित्रित करत बसले, २००१ मध्ये तो मासा त्याच कायद्याच्या अनुसूची एकमध्ये, म्हणजे सर्वाधिक संरक्षणाच्या यादीत गेला.

घाटमाथा : एक शंका. काम जूनपर्यंत, आणि पहिला पाऊस जूनच्या सुरुवातीला. मग टोड कोण शूट करणार?

धागाकर्ता : हेच रात्रभर डोक्यात होतं! सकाळी फोन केला. ३१ मेला सोडा म्हटलं, मेच्या दोन तारखाही मागितल्या, मावसभावाचं लग्न आहे, तिथे शूटिंग मीच करणार. "बघू" म्हणाले. श्रेय आणि विमा लेखी द्या म्हटल्यावर पलीकडे बराच वेळ शांतता. मग म्हणाले, ईमेल पाठवतो. अजून आलेला नाही. आला नाही तर जाणार नाही, एवढं ठरवलंय.

तोवर एक बारीक प्रश्न. माझा ट्रायपॉड लग्नाचा, कमरेखाली उतरतच नाही. बोटभर डबक्याच्या पातळीला कॅमेरा न्यायचा कसा?

बीनबॅग : ट्रायपॉड घरी ठेवा. जाड कापडाची पिशवी शिवून घ्या, कॅमेरा त्यावर, तुम्ही पोटावर. तांदूळ भरू नका, मी भरले होते. तिसऱ्या दिवशी गाडीत बसवेना इतका वास सुटला. वाळू भरा.