उंदरावरून आलेले शब्द, अर्थ सांगा

इंग्रजी सिरीजमध्ये एकमेकांना सारखं 'रॅट' म्हणतात, म्हणजे नक्की काय? मराठीत उंदरावरून असं काही आहे का?

> रॅट म्हणजे फितूर, आपल्याच लोकांची खबर पोलिसांना देणारा. 'स्मेल अ रॅट' म्हणजे काहीतरी काळंबेरं असल्याचा संशय येणे. मराठीत उंदराला हा अर्थ नाहीये, आपल्याकडे उंदीर म्हणजे क्षुल्लक गोष्ट, डोंगर पोखरून उंदीर काढला म्हणतो ना, तसं.

> उंदराला मांजर साक्ष पण आहे की! आणि मूषक शब्द संस्कृत मुष् म्हणजे चोरणे यावरून. मला सगळ्यात आवडलेलं म्हणजे इंग्रजी मसल हा शब्द लॅटिन मुस्क्युलस वरून आलाय, त्याचा अर्थ छोटा उंदीर, आणि आपण दंड फुगवून दाखवतो ती बेटकुळी, म्हणजे त्यांना उंदीर दिसला आणि आपल्याला बेडकी, किती भारी!

> बेटकुळीचं कधी लक्षातच आलं नव्हतं, थँक्स!