‘विरल वायू’ : पंपाने करता येतो तो, की मुळातच विरळा असतो तो?

एका भाषांतराची मुद्रिते तपासत होतो. एकाच प्रकरणात ‘विरल वायू’ तीनदा आला. पहिले वाक्य असे : ‘चारशे किलोमीटर उंचीवर अवकाशस्थानकाला विरल वायूचा अडथळा होतो.’ चार पानांनंतर : ‘आर्गॉन हा विरल वायू आहे.’ तिसरे वाक्य शेवटी सांगतो, कारण खरी अडचण त्यानेच केली. भाषांतरकर्त्याचा दोष काढावा असे यात काही नाही. दोन्ही प्रयोग मराठीत रुळलेले आहेत. फक्त ते दोन वेगळ्या गोष्टींबद्दल बोलतात, आणि वाचणाऱ्याला ते कळायला मार्ग नाही.

आधी घरातला शब्द पाहू. संस्कृत ‘विरल’चे मराठीत ‘विरळ’ झाले, जसे ‘सरल’चे सरळ आणि ‘फल’चे फळ. विरळ म्हणजे दाट नसलेले. केस विरळ होतात, धुके विरळ होते, डोंगराकडची वस्ती विरळ असते. पेरा दाट उगवला की शेतकरी विरळणी करतो, म्हणजे मधली रोपे उपटून उरलेल्यांना जागा करून देतो. या सगळ्या प्रयोगांत चित्र एकच आहे : वस्तू त्याच, त्यांच्यातले अंतर वाढलेले.

दुसरा अर्थ संख्येचा, क्वचित आढळण्याचा. पण तिथे मराठी माणूस ‘विरळ’ म्हणत नाही, ‘विरळा’ म्हणतो. ‘असा माणूस विरळाच.’ कुणी ‘विरळ माणूस’ म्हटले तर कानाला खटकते. म्हणजे बोलीने हे दोन अर्थ एक काना देऊन कधीच वेगळे केले होते. शास्त्रीय परिभाषेसाठी आपण तत्सम ‘विरल’कडे परत गेलो तेव्हा तो काना गळला. इंग्रजीत ‘रेअरिफाइड गॅस’ आणि ‘रेअर गॅस’ असे दोन शब्द आहेत; मराठीत दोघांनाही ‘विरल’ मिळाले. (त्यांच्या ‘रेअर’चे मूळ असलेल्या लॅटिन ‘रारुस’लाही सैल, विखुरलेले आणि क्वचित दिसणारे असे दोन्ही अर्थ आहेत. म्हणजे हा गुंता फक्त आपला नाही.)

पहिल्या अर्थाचा ‘विरल’ भौतिकशास्त्राचा. शाळेत ध्वनी शिकताना ‘संपीडन आणि विरलन’ ही जोडी प्रत्येकाने पाठ केलेली असते. ध्वनीची लहर जाते तेव्हा हवेचे रेणू एके ठिकाणी दाटतात, शेजारी पांगतात. पांगले ते विरलन. हा ‘विरल’ वायूची अवस्था सांगतो, त्याची जात नव्हे. कोणताही वायू विरल करता येतो.

किती पांगले म्हणजे विरल? याचे उत्तर मला फार आवडते. एका रेणूची दुसऱ्याशी टक्कर होऊन पुढची टक्कर होईपर्यंत तो सरासरी जेवढे अंतर कापतो, त्याला सरासरी मुक्त पथ म्हणतात. समुद्रसपाटीच्या हवेत तो सुमारे ०.०७ मायक्रोमीटर असतो. शंभर किलोमीटर उंचीवर तोच दहा सेंटिमीटरांच्या पुढे जातो. हे अंतर आणि वायू ज्या जागेतून वाहतो तिचे माप यांचे गुणोत्तर पाहतात. डेन्मार्कचे भौतिकशास्त्रज्ञ मार्टिन क्नुडसेन यांच्या नावाने ते ओळखले जाते; ते जितके मोठे, तितका वायू विरल. म्हणून विरलपणा सापेक्ष आहे. संगणकाच्या हार्ड डिस्कमध्ये वाचणारे टोक तबकडीवरून काही नॅनोमीटर अंतरावर तरंगते. तेवढ्याशा फटीत आपली रोजची हवासुद्धा विरल वायूसारखी वागते, कारण रेणूंना एकमेकांना भेटण्याआधीच भिंत भेटते.

दुसऱ्या अर्थाचा ‘विरल’ रसायनशास्त्राचा : हेलियम, निऑन, आर्गॉन, क्रिप्टॉन, झेनॉन आणि किरणोत्सारी रेडॉन हे कुटुंब. आणि इथे हे विशेषण चक्क चुकते. कोरड्या हवेत आर्गॉन ०.९३ टक्के आहे. ज्या कार्बन डायऑक्साइडची आपण एवढी चर्चा करतो तो ०.०४ टक्क्यांच्या आसपास. दहा फूट लांब, दहा रुंद, दहा उंच अशा खोलीत सुमारे २६० लिटर आर्गॉन असतो, एका मोठ्या पिंपात मावणार नाही इतका. याला विरळा कसे म्हणायचे? झेनॉन खरोखर विरळा आहे, हवेच्या एक कोटी भागांत एक भागही नाही. पण हेलियम आपल्या हवेत कमी असला तरी विश्वात हायड्रोजनखालोखाल तोच.

मग हे नाव पडले कसे? तर आर्गॉन सापडायलाच उशीर झाला. लॉर्ड रॅली यांनी हवेतून मिळवलेला नायट्रोजन तोलला तर लिटरमागे १.२५७२ ग्रॅम भरला, आणि रासायनिक संयुगांतून मिळवलेला १.२५०५ ग्रॅम. अर्ध्या टक्क्याचा फरक. दुसऱ्या कुणी तो प्रयोगातली चूक म्हणून सोडून दिला असता. रॅली आणि विल्यम रॅम्से यांनी तो धरून ठेवला आणि १८९४ मध्ये आर्गॉन जाहीर झाला. नाव ठेवले ते ग्रीक ‘आळशी’ या अर्थाच्या शब्दावरून, कारण तो कशाशीच संयोग पावेना. पाठोपाठ १८९८ मध्ये रॅम्से आणि मॉरिस ट्रॅव्हर्स यांनी द्रवरूप हवा उकळून क्रिप्टॉन, निऑन, झेनॉन शोधले. हाती येणे कठीण म्हणून ‘विरळा’. हवेतले प्रमाण मोजून हे नाव ठेवलेले नाही.

‘निष्क्रिय’ आणि ‘अक्रिय’ हे पर्याय त्या आळशीपणावरून आले. ते १९६२ पर्यंत ठीक होते. त्या वर्षी कॅनडात नील बार्टलेट यांनी झेनॉनचे संयुग करून दाखवले आणि या कुटुंबाला सरसकट निष्क्रिय म्हणण्यात अर्थ उरला नाही. एका मित्राचे म्हणणे की कारखान्यात ‘निष्क्रिय’ अजून चालतोच. बरोबर आहे, पण तिथे तो शब्द कामापुरता असतो. वेफर्सच्या पुड्यात भरलेला नायट्रोजनही त्या कामापुरता निष्क्रियच, आणि तो या कुटुंबातला नाही. वर्कशॉपच्या पाटीवर तर सरळ ‘आर्गॉन वेल्डिंग’ लिहितात. तिथे विशेषणाची गरजच पडत नाही.

कुटुंबासाठी पाठ्यपुस्तकातला ‘राजवायू’ मला योग्य वाटतो. ‘हे सरंजामी वाटते,’ असा आक्षेप मी ऐकला आहे. पण शब्द एकटा आलेला नाही. सोने-प्लॅटिनम या सहसा कशाशी न मिसळणाऱ्या राजधातू. त्यांना विरघळवते ते आम्लराज. जर्मन रसायनज्ञ ह्युगो एर्डमान यांनी १८९८ मध्ये या वायूंना नाव दिले तेही राजधातूंच्या जर्मन नावावर बेतूनच. आणि ‘सहसा मिसळत नाही’ यात ‘कधीतरी मिसळतो’ला जागा आहे, ती ‘निष्क्रिय’मध्ये नाही. जपानी रसायनज्ञांच्या संस्थेनेही २०१५ मध्ये ‘विरळा वायू’ या अर्थाचे चिन्ह सोडून त्याच उच्चाराचे ‘उच्च, मौल्यवान’ या अर्थाचे चिन्ह वापरावे अशी शिफारस केली.

तेव्हा मी मुद्रितात एक कसोटी लावली : पंप लावून ते करता येते का? येत असेल तर ‘विरल’. पहिले वाक्य तसेच ठेवले. दुसऱ्यात ‘आर्गॉन हा राजवायू आहे’ असे केले.

आता तिसरे वाक्य. ‘जाहिरातीच्या नळीतील विरल वायू तांबडा प्रकाश देतो.’ वायू निऑन, म्हणजे हवेच्या दहा लाख भागांत १८ भाग, खरोखर विरळा. पण जॉर्ज क्लोद यांनी १९१० मध्ये पॅरिसच्या मोटार प्रदर्शनात असे दिवे लावले तेव्हापासून नळीतला दाबही बाहेरच्या हवेच्या जेमतेम एखादा टक्का ठेवतात. दाब वातावरणाइतका असेल तर असा दिवा सहज लागणार नाही. म्हणजे वाक्य दोन्ही अर्थांनी खरे! भाषांतरकर्त्याला फोन केला. त्याने मूळ पान काढून वाचले. तिथे सगळा भर कमी दाबावर होता. आम्ही छापायला दिले ते असे : ‘नळीत विरल केलेला निऑन तांबडा प्रकाश देतो.’