बारा वर्षांच्या मुलीला सांगायला बुद्धिबळपटूंच्या गोष्टी हव्यात (हरलेल्यांच्या आधी)

मुलुंडची_सई
नमस्कार मंडळी. लेक बारा वर्षांची, सातवीत. तीन वर्षं बुद्धिबळ खेळतेय. गेल्या रविवारी एका खुल्या स्पर्धेत चौथ्या फेरीत हातात आलेला डाव घालवला. वर समोरच्या मुलाचे बाबा सहज म्हणून गेले, "हिला मुलींच्या गटात खेळवा ना, नंबर तरी येईल." दादरहून मुलुंडपर्यंत पोरगी खिडकीबाहेर बघत बसली. तेव्हापासून पट कपाटावर.

क्लास सुचवू नका, क्लास आहे. रात्री झोपताना तिला सांगता येतील अशी खेळाडूंची आयुष्यं सुचवा. आनंद आणि गुकेशच्या पलीकडे मला नावं येत नाहीत. आणि 'सहाव्या वर्षी सगळ्यांना हरवलं' छापाच्या नकोत, त्या ऐकून ती आणखी मिटते.

गिरगावकर
सईताई, लांब कशाला जाता? रविवारी लेकीला घेऊन चर्नी रोडला उतरा आणि खाडिलकर रोडवरून एक चक्कर मारा. 'नवाकाळ'चा पत्ता तिथलाच. संपादक नीलकंठ खाडिलकरांच्या तीन मुली, वासंती, जयश्री आणि रोहिणी. महिलांची राष्ट्रीय स्पर्धा १९७४ साली सुरू झाली. पहिलं विजेतेपद वासंतीचं, मग चार जयश्रीची आणि पाच रोहिणीची. पहिलं दशक एकाच घरात!

पण तुमच्या कामाची गोष्ट १९७६ ची. तेरा वर्षांची रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली. तोवर तिथे एकही बाई खेळली नव्हती. केवढा गदारोळ! प्रकरण हायकोर्टात गेलं आणि निकाल तिच्या बाजूने लागला. जागतिक महासंघाचे अध्यक्ष तेव्हा मॅक्स युवे, स्वतः माजी जगज्जेते. त्यांनीही ठरवून दिलं की राष्ट्रीय किंवा आंतरराष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धेत बाईला बाई म्हणून अडवता येणार नाही. त्या 'बाबां'ना हे सांगायचं राहून गेलं बघा. पुढे रोहिणी १९८१ आणि १९८३ मध्ये आशियाई विजेती झाली. नंतर तीही घरच्या वृत्तपत्राच्या धंद्यात शिरली.

शेवटची_लोकल
सगळ्यांची क्षमा मागून विरोधी सूर लावतो. चरित्रं ऐकून डाव सुधारत नाही. चौथ्या फेरीची स्कोअरशीट (चालींची नोंद) काढा, पट मांडा, चूक कुठे झाली ते तिलाच शोधू द्या. बाकी सगळी मलमपट्टी.

मुलुंडची_सई
@शेवटची_लोकल, स्कोअरशीट तिने ट्रेनमध्येच फाडली. तुकडे माझ्या पर्समध्ये आहेत.
@गिरगावकर काका, हे मला खरंच माहीत नव्हतं. बाबा लहानपणी रोज 'नवाकाळ' आणायचे आणि मी फक्त राशिभविष्य बघायचे!

शेवटची_लोकल
तिने फाडली ती खालची कार्बन प्रत असेल. वरची बहुतेक वेळा पंचांकडे जमा होते. फोन करून फोटो मागवा, ठेवली असेल तर देतील.

पार्ल्याचा_उंट
लोकलरावांशी अर्धा सहमत. पण बारा वर्षांचं मूल चूक शोधायला बसतं कधी? आपण जगातले एकमेव गाढव नाही हे पटल्यावर. म्हणून माझं पहिलं नाव चीनचा डिंग लिरेन.

१२ डिसेंबर २०२४, सिंगापूर. डिंग आणि गुकेशच्या जगज्जेतेपदाच्या सामन्याचा चौदावा आणि शेवटचा डाव, दोघांचे गुण सारखे. डाव बरोबरीकडे चाललेला. गुकेशकडे एक प्यादं जास्त, पण सगळे धरून होते की आता टायब्रेक, म्हणजे बरोबरी फोडायचे जलद डाव. ५५ व्या चालीला डिंगने हत्ती एफ-२ वर ठेवला. झालं. हत्तीला हत्ती गेला, उंटाला उंट जाणार आणि उरलेला राजा-प्याद्यांचा डाव हरलेला. जगज्जेतेपद एका चालीत गेलं. लेकीला पटावर ही स्थिती मांडून द्या आणि विचारा, काय चुकलं? ती पाच मिनिटांत सांगेल. मग सांगा की ही चाल जगज्जेत्याने केली होती. (गुकेश अठराव्या वर्षी जगज्जेता झाला ते नंतर सांगा, नाहीतर पुन्हा मिटेल.)

दुसरं नाव मिखाईल ताल. रिगाचा, उजव्या हाताला तीनच बोटं, मूत्रपिंडाचं दुखणं जन्माला पुजलेलं. १९६० मध्ये बोटविनिकला हरवून जगज्जेता झाला आणि वर्षभरात परतीच्या सामन्यात त्याच्याकडूनच हरला. ते पद त्याला पुन्हा कधीच मिळालं नाही. पण १९७३-७४ मध्ये हा माणूस सलग ९५ डाव हरला नाही! हरल्यावर बारा वर्षांनी.

चाळीतला_वजीर
फिशर राहिला की. १९७२, रेकजाविक, पहिला डाव हरला, दुसऱ्याला आलाच नाही, तरी जगज्जेत्या स्पास्कीला हरवलं.

पार्ल्याचा_उंट
फिशरचे डाव जरूर दाखवा. आयुष्य झोपताना नको. १९७५ मध्ये न खेळताच पद सोडलं, वीस वर्षं जवळजवळ गायब, नंतर ज्यूंविरुद्ध गरळ. कॉलेजात गेल्यावर वाचेल.

माटुंग्याची_आजी
सई, माझी नात तुझ्या लेकीएवढीच. तिला मी नोना गाप्रिंदाश्विलीची गोष्ट सांगितली. जॉर्जियाची, १९६२ ते १९७८ महिला जगज्जेती आणि ग्रँडमास्टर किताब मिळवणारी पहिली बाई. एका गाजलेल्या परदेशी मालिकेत कुणीतरी म्हणतं की ही कधी पुरुषांशी खेळलीच नाही. प्रत्यक्षात मालिकेतल्या त्या काळापर्यंत, म्हणजे १९६८ पर्यंत, ती किमान ५९ पुरुषांशी खेळून चुकली होती. ऐंशीव्या वर्षी म्हातारीने नेटफ्लिक्सवर दावा ठोकला. २०२२ मध्ये तडजोड झाली. नात हसून हसून बेजार, म्हणते आजी तू पण असंच करशील.

आणि आपल्या कोनेरू हंपीला विसरू नका. पंधराव्या वर्षी ग्रँडमास्टर झाली ते सगळे सांगतात. मी सांगते ते पुढचं. २०१७ मध्ये मुलगी झाली, खेळ थांबवला, परत आली आणि २०१९ मध्ये जलद प्रकारात जगज्जेती. २०२४ मध्ये पुन्हा. २०२५ च्या महिला विश्वचषकाच्या अंतिम फेरीत तिला कुणी हरवलं? आपल्या नागपूरच्या एकोणीस वर्षांच्या दिव्या देशमुखने.

गिरगावकर
मीर सुलतान खानही घ्या. पंजाबातला माणूस, आधी देशी नियमांनी शिकलेला. त्यात प्यादं पहिल्या चालीलाही एकच घर पुढे जातं. १९२९ मध्ये इंग्लंडला गेला आणि त्याच वर्षी ब्रिटिश विजेता, नंतर आणखी दोनदा. माजी जगज्जेत्या कापाब्लांकालाही हरवलं. 'जमीनदाराचा अडाणी नोकर' असं रंगवून सांगतात, त्याला त्याच्या घरच्यांनी जाहीर हरकत घेतली आहे, तेव्हा तेवढं गाळून सांगा. जागतिक महासंघाने, म्हणजे फिडेने, सन्माननीय ग्रँडमास्टर किताब दिला २०२४ मध्ये. गडी वारला १९६६ ला!

आणि आपले प्रवीण ठिपसे. आनंद ग्रँडमास्टर झाला १९८८ मध्ये, अठराव्या वर्षी. ठिपसे भारताचे तिसरे, १९९७ मध्ये, चाळिशीच्या तोंडावर.

मुलुंडची_सई
सगळ्यांचे मनापासून आभार. काल चर्नी रोडला जाऊन आलो. खाडिलकर रोडच्या पाटीखाली तिने फोटो काढून घेतला. रोहिणीबद्दल एकच प्रश्न विचारला, "कोर्टात केस चालू असताना ती सराव करायची का?" मला उत्तर आलं नाही.

पंचांनी स्कोअरशीटचा फोटो पाठवला. ३१ व्या चालीला घोडा उचलायला नको होता, हे तिनेच शोधलं. पट खाली आलाय. काळा एक उंट हरवलाय, त्या जागी टूथपेस्टचं झाकण.

पार्ल्याचा_उंट
पांढऱ्या घरांतला की काळ्या?

मुलुंडची_सई
पांढऱ्या. मला नव्हतं सांगता येत, तिला विचारून लिहिलं.