माणसाची बुद्धी आणि कृत्रिम बुद्धी: वाचकांपुढे तुलना कशी मांडावी?

सदरलेखक:
मी एका साप्ताहिकात विज्ञानाचे सदर लिहितो. मानवी मेंदूत सुमारे 8,600 कोटी चेतापेशी असतात आणि 2020 साली आलेल्या जीपीटी-3 या भाषा-प्रारूपात (मजकूर वाचून शिकणाऱ्या आणि मजकूर लिहिणाऱ्या संगणक-प्रणालीत) 17,500 कोटी पॅरामीटर होते. हे आकडे शेजारी ठेवून, यंत्राने संख्येत मेंदूला मागे टाकले, अशी लेखाची सुरुवात करावी असे मनात आहे. ही तुलना जाणकारांपुढे टिकेल का?

उत्तररात्र:
टिकणार नाही. पॅरामीटर म्हणजे पेशी नव्हे. दोन घटकांमधल्या जोडणीला किती महत्त्व द्यायचे, हे ठरवणारी ती एक संख्या असते. तुलना करायचीच तर ती चेतापेशींमधल्या जोडण्यांशी करावी लागेल, आणि त्या 100 लाख कोटींच्या घरात जातात. शिवाय रसायनांवर चालणारी, सतत बदलणारी जिवंत जोडणी एका संख्येत मावते असे मानणेही धाडसाचेच आहे.

त्यापेक्षा दोघे शिकतात कसे, ते सांगा. जीपीटी-3 ला सुमारे 30,000 कोटी टोकन, म्हणजे शब्दांचे तुकडे, वाचायला दिले गेले. दहा-बारा वर्षांच्या मुलाच्या कानावर तोवर ढोबळमानाने 10 कोटी शब्द पडलेले असतात, आणि तेवढ्यावर ते घरात हुज्जत घालण्याइतके तयार होते. त्या शब्दांच्या जोडीला त्याने वस्तू हाताळलेल्या असतात, चटके खाल्लेले असतात आणि समोरच्याचा चेहरा वाचलेला असतो. हे सारे चालवणारा मेंदू सुमारे 20 वॉटवर चालतो.

फळा-खडू:
व्याख्यानात मी 'कानामागून आली आणि...' एवढेच म्हणून थांबतो. उरलेली म्हण सभागृह एकमुखाने पूर्ण करते. यंत्र हेच करते, आधीच्या मजकुरावरून पुढच्या तुकड्याची शक्यता काढते, असे सांगितले की लोकांना पटते.

तळटीप:
पटते, पण अर्धेच. पुढचा तुकडा ओळखणे हा प्रशिक्षणातला सराव झाला. तो साधण्यासाठी आत कोणती रचना तयार होते, हा संशोधकांपुढचा खुला प्रश्न आहे, आणि तो 'यंत्र फक्त शब्द जुळवते' या वाक्याखाली झाकून टाकणे ही देखील अतिशयोक्तीच आहे, फक्त उलट्या दिशेची.

सुलट्या दिशेची, म्हणजे यंत्राला फुगवून सांगणारी, अतिशयोक्ती फार जुनी आहे. जुलै 1958 मध्ये अमेरिकी नौदलाने मानसशास्त्रज्ञ फ्रँक रोझेनब्लाट यांच्या परसेप्ट्रॉनचे, म्हणजे चेतापेशींच्या धर्तीवर बेतलेल्या शिकणाऱ्या यंत्राचे, प्रात्यक्षिक दाखवले. 50 प्रयत्नांनंतर संगणक डावीकडे खूण असलेली आणि उजवीकडे खूण असलेली कार्डे वेगळी ओळखू लागला, एवढेच त्यात घडले होते. न्यूयॉर्क टाइम्समध्ये मात्र हे यंत्र पुढे चालेल, बोलेल आणि त्याला स्वतःच्या अस्तित्वाचे भान येईल, अशी नौदलाची अपेक्षा छापून आली. म्हणून सदरात आधी यंत्रापुढे नेमके कोणते काम ठेवले होते ते लिहावे, त्याचा अर्थ काय लावायचा ते पुढच्या परिच्छेदात.